जिचं आहे, ती शेजारी हवी

९ ऑक्टोबर

प्रिय ताई,

साष्टांग नमस्कार लिहायला घेतला होता, पण तू म्हणशील, हिची कंबर वाकते तरी का कधी. म्हणून साधाच नमस्कार. तुझे गुडघे कसे आहेत? भाऊजींचा खोकला? की अजून 'मला काही झालेलं नाही' असं म्हणत घरभर खोकत फिरतात?

फोन करायला काय झालं होतं, हा तुझा पहिला प्रश्न असणार. अगं, फोनवर आपण दोघी 'बाकी काय'च्या पुढे जातच नाही. तू हवा सांगतेस, मी रहदारी सांगते, मग तुझ्या गॅसवर काहीतरी उतू जातं. परवा तर तुझं तिसऱ्या मिनिटाला उतू गेलं. म्हणून लिहिते आहे. पत्र उतू जात नाही.

तू नेहमी विचारतेस, 'हल्ली काय चाललंय तुझं?' आणि मी म्हणते, 'तेच ते.' तर तेच ते म्हणजे काय, ते आज नीट सांगते. शहराच्या टोकाला, गोदामांच्या मागे जिथे रस्ता संपतो, तिथे एक वस्ती आहे. तिथली माणसं मेलेल्यांची घरं रिकामी करतात. म्हातारं माणूस एकटंच गेलं, मुलं लांब, मालकाला खोली परत हवी, की यांना बोलावणं जातं. कपाटं, गाद्या, भांडी, औषधांच्या बाटल्या, कपात ठेवलेली कवळीसुद्धा. दिवसभरात घर मोकळं. आणि ज्यांनी बोलावलं तेच पुढच्या आठवड्यात हे लोक रस्त्यात दिसले की पलीकडच्या बाजूने जातात. शहर यांना गिधाडं म्हणतं. ते स्वतःला आवरणारे म्हणतात. त्यांच्या मुलांच्या बाकावर शाळेत दुसरं कुणी बसत नाही. मेलेल्याचा वास येतो म्हणे. मी वर्षभर त्यांच्यात उठते-बसते, मला साबणाखेरीज कसलाही वास आला नाही.

गंमत ऐक. कपाटं विकली जात नाहीत तेव्हा त्यांचीच घरं होतात. वस्तीतल्या निम्म्या भिंती म्हणजे कपाटांची दारं, आणि दारांना आरसे. त्यामुळे मी कॅमेरा कुठेही लावला तरी मीच दिसते! म्हातारा चहा पितोय, त्याच्या खांद्यावरून मी डोकावतेय. पोरी केस विंचरताहेत, मागे माझं ध्यान. माझं युनिट म्हणजे मी, कॅमेरा आणि घरी बसलेला संकलक. तो दिवसभर बिस्किटं खातो आणि म्हणतो, 'बाई, हा माहितीपट त्यांच्यावर आहे की तुमच्यावर?' मग मी आरशांवर कपडे टाकायला लागले, तर वस्तीतल्या बायका हसून लोळायच्या बाकी राहिल्या.

पण काम झालं आहे, ताई. खरंच झालं आहे. बोलकी नावाची एक बाई आहे तिथे. खरं नाव निराळं आहे, पण सगळे बोलकीच म्हणतात आणि ते तिला शोभतं. तिनं कॅमेऱ्यासमोर बसून तिचा मुलगा कसा गेला ते सांगितलं. सामान लादलेल्या ट्रकवर दोऱ्या धरून उभा होता, वळणावर कपाट कललं, त्याच्यासकट खाली. ती रडत नाही, थांबत नाही, सरळ सांगते. मी इतकी वर्षं लोकांपुढे कॅमेरा धरला, असं बोलणं ऐकलं नव्हतं. सगळा माहितीपट त्या सांगण्यावर उभा आहे. तेवढाच तुकडा पाहून महोत्सववाल्यांनी निवड केली. महिनाअखेरीस पूर्ण प्रत पाठवायची आहे.

त्याआधी माझी नेहमीची रीत. ज्यांच्यावर केलं त्यांना आधी दाखवायचं, मग जगाला. येत्या रविवारी वस्तीत चादर बांधून दाखवणार आहे.

भाऊजींना नमस्कार. तुमच्या वरच्या मजल्याच्या खिडक्या बदलून घेणार होतात, त्याचं काय झालं? सहज विचारते आहे. नसेल झालं तर राहू दे.

तुझी,
भिंगरी

---

२१ ऑक्टोबर

प्रिय ताई,

नमस्कार. तुझं उत्तर नाही, पण तू उत्तर देतेस कुठे. भाऊजींचा निरोप मिळाला की पत्र पोचलं आणि तू ते दोनदा वाचलंस. दोनदा का? मी गबाळं लिहिते म्हणून?

इकडे भ्रमाचा भोपळा फुटला. पहिल्यापासून सांगते, नाहीतर माझाच घोळ होईल. तसा तो झालाच आहे.

चादर बांधली, माणसं जमली. पहिला अर्धा भाग नुसता दंगा. स्वतःला पाहून ओरडणं, एकमेकांना कोपरं मारणं. मग बोलकीचं सांगणं आलं आणि सगळे चिडीचूप झाले. मला वाटलं, जमलं. ते संपलं तशी बायका उठल्या. मला वाटलं, बोलकीला जवळ घेतील. त्या तिला ओलांडून पलीकडे बसलेल्या शिलाईवालीकडे गेल्या. ही शिलाईवाली म्हणजे जुन्या कपड्यांतून पोरांचे कपडे शिवणारी, वर्षभरात माझ्याशी जेमतेम चार वाक्यं बोललेली बाई. एकजण तिच्या पाठीवरून हात फिरवत म्हणाली, 'छान सांगितलं ना गं हिनं तुझं?'

शिलाईवाली डोळे पुसत म्हणाली, 'छानच सांगितलं. फक्त त्याचा सदरा पिवळा नव्हता.'

ताई, माझ्या तोंडात मारल्यासारखं झालं. मुलगा शिलाईवालीचा! बोलकीला मूल झालेलंच नाही. तिनं लग्नच केलेलं नाही. आणि माझ्या माहितीपटात तिच्या चेहऱ्याखाली पट्टी आहे, 'मृत मुलाची आई'. सगळं खरं आहे अशी हमी मी महोत्सववाल्यांना दिलेली आहे.

मी बोलकीला बाजूला घेतलं. बाजूला म्हणजे काय, तिथे बाजू नसतेच, सगळे ऐकत होते. म्हटलं, 'तू माझ्याशी खोटं बोललीस?'

'खोटं?' ती उलट माझ्यावरच चढली. 'एक अक्षर इकडचं तिकडे नाही. विचार तिला. तो सदरा सोडून.'

'पण माझा मुलगा, माझा मुलगा म्हणत होतीस!'

'मग काय म्हणू? तिचा मुलगा म्हटलं तर ओझं तिच्याच डोक्यावर राहिलं ना. मग मी उचललं काय?'

मग तिनं मला खाली बसवलं आणि समजावलं. म्हणाली, 'घरातलं माणूस गेलं की घरचे लोक सामान आवरायला बसतात. कधी आवरून झालंय? एक चमचा हातात घेतात आणि त्याच्याकडेच बघत बसतात. म्हणून तर आम्हाला बोलावतात. आमच्यात कुणी गेलं तर त्या घरचं सामान शेजारचा उचलतो, घरच्यानं हात लावायचा नाही. बोलायचंही तसंच. तिला सांगायला लावलं असतंस तर ती पहिल्याच वाक्याला बसली असती. मी उचललं, दाराबाहेर आणलं, तुझ्यापुढे ठेवलं.'

आपल्याकडे म्हणतात, ज्याचं जळतं त्याला कळतं. मी तेच म्हणाले तिला. ती म्हणाली, 'कळतं की. पण ज्याचं जळतंय त्यानंच पाणीही आणायचं का?'

आता माझा खरा मूर्खपणा. बोलकी म्हणाली, 'आणि जिचं आहे ती शेजारी असतेच. तिच्याशिवाय सांगत नाही आम्ही. तूच तिला उठवलंस.' मी घरी येऊन मूळ चित्रण पाहिलं. खरंच, सुरुवातीला शिलाईवाली तिला खेटून बसली आहे, हात बोलकीच्या गुडघ्यावर. आणि माझा आवाज येतो, गोड, अगदी व्यावसायिक आवाज, 'ताई, तुम्ही जरा बाजूला सरकता का? चौकटीत गर्दी होते आहे.' ती सरकली. तरी तिचं कोपर शेवटपर्यंत कडेला दिसतं. ते कोपर संकलकानं मोठ्या कौशल्यानं कापून टाकलं होतं. मीच सांगितलं होतं.

संकलक म्हणतो, पट्टी बदला, 'शेजारीण' लिहा, हाय काय नि नाय काय. पण शेजारीण लिहिलं की ओझं परत शिलाईवालीच्या डोक्यावर. आई लिहिलं की मी खोटारडी. धरलं तर चावतं, सोडलं तर पळतं. आठवडाभर माझ्या डोक्याचा भुगा झाला आहे. मी कुणाची बाजू घेऊ? खरं म्हणजे काय, हे मला इतकी वर्षं माहीत होतं ना? की नव्हतंच?

मी परत गेले वस्तीत. सगळं पुन्हा नीट समजून घेऊन चित्रित करावं म्हणून कॅमेरा स्टँडवर लावला. शिलाईवाली म्हणाली (ती बोलली, बघ!), 'वर्षभर आमची दुःखं नेतेस. तुझं कुणी सांगितलं का कधी? नाहीतर तू एक सांग.' बायका बसून राहिल्या. कॅमेरा चालूच होता, मी बंद केला नाही.

मीही एक सांगितलं. त्यांच्यासारखंच.

संकलकानं ते पाहिलं आणि बिस्किट खाली ठेवलं. म्हणाला, 'हे मधोमध टाकू. मागच्या आरशात तुम्हीच दिसता, पुढेही तुम्हीच. आता कुणी विचारणार नाही कोणाचं खरं. आता सगळं उभं राहिलं.' आणि ते उभं राहिलं आहे, ताई. मी जे काही बनवलं त्यात हे सर्वांत चांगलं आहे, हे मलाही दिसतं. मग मला झोप का येत नाही?

काय सांगितलं ते आज विचारू नकोस. भाऊजींना खोकल्याचं औषध घ्यायला लाव.

तुझी,
भिंगरी

---

२४ ऑक्टोबर

ताई,

मागचं पत्र पोस्टात टाकलं आणि तिथेच उभी राहिले. पेटीत हात घालून परत काढता आलं असतं तर काढलं असतं, कारण लिहायचं होतं ते सोडून मी सगळं लिहिलं होतं. आता नमस्कार-चमत्कार करत बसले तर पुन्हा घसरेन.

मी गुंडीचं सांगितलं.

आपल्या गुंडीचं. आणि त्यांच्यासारखं सांगितलं म्हणजे माझी म्हणून सांगितलं. 'माझी लेक सहा वर्षांची होती. बटणाएवढी जन्मली म्हणून गुंडी.' असं सुरू केलं आणि मग दवाखान्यातला तो शेवटचा दिवस, सगळा. अडखळले नाही. मला वाटलं होतं मी ढसाढसा रडेन, पण मी बोलकीसारखीच सरळ सांगत गेले. माझ्या तोंडून 'माझी लेक, माझी लेक' येत होतं आणि मला ते चुकीचं वाटतही नव्हतं. हे तुला लिहितानाच कसं वाटतंय ते मला सांगता येणार नाही.

संपल्यावर बोलकी माझ्याकडे वळली. मग म्हणाली, 'हे तुझं नाही.'

मी म्हटलं, 'तुमच्यात तरी कुठे स्वतःचं सांगतात?'

'ते बरोबर. पण मग जिचं आहे ती कुठे बसली आहे?'

मी आजूबाजूला बघितलं, ताई. माझ्या डाव्या-उजव्या बाजूला मोकळी जमीन होती. बोलकी म्हणाली, 'तिला न विचारता तिच्या घरातलं उचललंस? त्याला आमच्यात निराळा शब्द आहे.' कोणता शब्द ते तिनं सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही. तोवर स्टँडवरचा कॅमेरा चालूच होता, म्हणजे हेही त्यात आलं आहे. संकलकानं एवढंच कापलं. मी कापू दिलं.

म्हणून विचारते. उशिरा विचारते. हे राहू देऊ का काढू? राहिलं तर महोत्सवात अंधारात अनोळखी माणसं बसतील आणि गुंडी माझी आहे असं समजतील. काढलं तर बाकीचं लंगडं होईल. तरी तू 'काढ' म्हणालीस तर एका शब्दानं विचारणार नाही. पण तू 'तुला हवं ते कर' असं म्हणू नकोस. ते तू आपली आई गेल्यापासून सगळ्यांना म्हणतेस आणि मला त्यातलं काही कळत नाही.

तू तिचं नाव माझ्यासमोर घेत नाहीस, म्हणून मीही कधी घेतलं नाही. मला वाटायचं, मी तुझी काळजी घेते आहे. आता तेही नक्की सांगता येत नाही.

प्रत पाठवायला आठवडा आहे.

भिंगरी

---

३० ऑक्टोबर

प्रिय ताई,

तुझा फोन आला तेव्हा मी संकलकाच्या खोलीत होते. तुझं नाव दिसल्यावर बाहेर जिन्यात आले. तू 'बाकी काय' म्हणाली नाहीस, तेव्हाच मी पायरीवर बसले.

तू इतकी ओरडू शकतेस हे मी विसरले होते. लहानपणी माझ्यावर ओरडायचीस, तशीच. 'तुझ्या त्या बायकांना कळलं! तुझ्या त्या बिस्किट खाणाऱ्याला कळलं! त्या खोलीत काय झालं ते जगाला कळायचं आणि मला? मी तिची आई, मला अजून माहीत नाही!' वरच्या मजल्यावरचे शेजारी दार उघडून बघून गेले, तुझा आवाज फोनातून एवढा येत होता.

मी म्हटलं, तू कधी विचारलं नाहीस. तू म्हणालीस, तू कधी सांगितलं नाहीस. मग मी म्हटलं, येते आत्ताच्या आत्ता. तर तू म्हणालीस, 'येऊ नकोस. तू समोर बसलीस तर मी चहा करायला उठेन, मग कपबशा धुवेन, मग तू जाशील. लिही. मला थांबत थांबत वाचता येईल.' आणि ठेवलास. माहितीपटाबद्दल चकार शब्द नाही.

म्हणून ते आधी उरकते. माझा भाग काढला. संकलकानं हात जोडले, चिडला, शेवटी म्हणाला, 'तुम्ही आपल्या हातानं घर पाडता आहात, बाई.' मी म्हटलं, पाडते. बोलकीचं सांगणं आता सुरुवातीपासून आहे, शिलाईवाली शेजारी बसलेली आहे, हात गुडघ्यावर, आणि माझा तो गोड आवाजही आहे. चित्र जरा धूसर आहे. खाली पट्टी नाही, आईही नाही आणि शेजारीणही नाही. लोक विचारतील, नक्की कुणाचा मुलगा? विचारू देत, मलाही अजून नीट उत्तर देता येत नाही. काल प्रत पाठवली. सोबत सगळं खरं-खरं लिहून कळवलं आहे. घेतील, न घेतील. संकलक माझ्याशी बोलत नाही, पण त्यानं फोन बंद ठेवलेला नाही.

आता लिहिते. भाऊजींना शेजारी बसव. ते नको म्हणाले तरी बसव.

तुम्ही दोघं अंघोळ करून, कपडे बदलून येतो म्हणून घरी गेलात. डॉक्टरांनीच सांगितलं होतं, ताप उतरतोय, जाऊन या. तू दाराशी दोनदा वळून बघितलंस. यात कुणाचंही काही चुकलं नाही. समजूत घालायला लिहीत नाही, मी तिथे होते, मी पाहिलं.

ती झोपली होती. खिडकीतून तिच्या तोंडावर ऊन यायला लागलं. पडद्याची एक कडी तुटलेली होती, तो पूर्ण सरकेना. म्हणून मी खुर्ची उन्हाच्या बाजूला घेतली. थोड्या वेळानं ती जागी झाली आणि म्हणाली, 'मावशी, पायाला खाजतंय.' मी खाजवलं. 'हा नाही, दुसरा.' दुसरा खाजवला. 'आता पहिला.' अशी तिची दादागिरी चालली होती, ताई. तापातसुद्धा. मी म्हटलं, मी काय तुझी नोकर आहे का? तर म्हणाली, 'हो.' आणि हसली. हसली, हे मला तुला सांगायचं होतं. मग म्हणाली, 'आई आली?' मी म्हटलं, येतेच आहे, कपडे बदलून येतेय. ती म्हणाली, 'निळा ड्रेस घालून यायला सांग.' मी बरं म्हटलं. तुला सांगायचं राहून गेलं.

मग तिनं डोळे मिटले. मला वाटलं, झोपली. मला थंडी वाजत होती, तुझा हिरवा स्वेटर खुर्चीवर होता तो मी घातला. तुझ्या स्वेटरला तुझ्या तेलाचा वास असायचा. तिला चादर नीट करायला मी वाकले तेव्हा तिनं डोळे उघडले. माझ्याकडेच बघत होती. म्हणाली, 'आई.'

विचारलं नाही तिनं. हाक मारली.

ताप होता म्हणून, की ऊन माझ्या मागून येत होतं म्हणून, की स्वेटरमुळे, मला माहीत नाही. मी 'अगं, मी मावशी' म्हणणार होते. तोंड उघडलं होतं. आणि मी 'ओ' म्हटलं. तिनं माझं बोट धरलं. म्हणाली, 'जाऊ नको.' मी म्हटलं, 'नाही जात. आई इथेच आहे.' मी असं म्हटलं, ताई. आई इथेच आहे. ती बरं म्हणाली नाही, पण तिच्या कपाळावरची आठी गेली. बोट घट्ट होतं. मग सैल झालं, तेव्हाही मला वाटलं झोपच लागली. नर्स आली आणि तिनं मला बाजूला केलं, तेव्हा मला कळलं.

तुम्ही आलात तेव्हा तू माझ्याकडे बघितलंस आणि मी तुझा स्वेटर काढून तुला दिला. तुला आठवतं का? मला एवढंच सुचलं.

तेव्हापासून मला कळत नाही. मी तिला फसवलं का? की सोबत केली? मी मावशी म्हटलं असतं तर तिनं परत तुला शोधलं असतं, आणि तू तर नव्हतीस. पण ती हाक माझी नव्हती, आणि मी तिला ओ दिली, आणि मग इतकी वर्षं ती माझ्याजवळ ठेवली. वस्तीत सांगताना मी तिची आई होऊन बोलले ते त्या बायकांच्या रीतीमुळे, असं मी स्वतःला सांगितलं. खरं तर त्या दिवशी थोडा वेळ मी होतेच. याला त्यांच्यात जो शब्द असेल तो असो.

तू रागाव. पुन्हा ओरड, शेजारी ऐकू देत. पण हे एक वाक्य सावकाश वाच. तू नव्हतीस असं तिला वाटलं नाही. तिनं शेवटचं कुणाला बोलावलं ते मी ऐकलं आहे, आणि ती मी नव्हते.

गुंडीची मावशी